गाडी दिसते, सिग्नल दिसत नाही

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मुंबईच्या उपनगरी रेल्वेवर येऊ घातलेल्या बंद दारांच्या वातानुकूलित गाड्यांविषयी जे काही छापून येते, ते मी आवर्जून वाचतो. रेल्वेच्या सिग्नल विभागात उभे आयुष्य काढून मी निवृत्त झालो आहे, आणि जुनी खोड जात नाही. या बातम्यांत गाडीचा रंग, आसने, दारे आणि भाडे यांवर भरपूर मजकूर असतो. ती गाडी ज्या सिग्नलच्या आधाराने धावणार, त्याला मात्र बहुधा शेवटच्या दोन ओळी मिळतात. यात वार्ताहरांचा दोष आहे असे मी म्हणणार नाही. फलाटावर उभ्या राहणाऱ्या माणसाला गाडी दिसते. सिग्नल चालवणारे विजेचे स्विच, म्हणजे रिले, ज्या खोलीत असतात, त्या रिले रूममधले कपाट त्याला कधीच दिसत नाही. परंतु दिसणाऱ्या गोष्टीवर आधी पैसा घालायचा आणि न दिसणारी पुढच्या योजनेवर ढकलायची, या सवयीचे मोल एका मोठ्या शहराने कसे चुकते केले, हे मुलीकडे न्यूयॉर्कला झालेल्या दोन दीर्घ मुक्कामांत मला जवळून समजून घेता आले. ती हकीगत आपल्या वाचकांपुढे मांडावी, म्हणून हा पत्रप्रपंच.

न्यूयॉर्कची भुयारी रेल्वे २७ ऑक्टोबर १९०४ रोजी सुरू झाली. आज तिची ४७२ स्थानके आहेत आणि ती दिवसरात्र, वर्षाचे सर्व दिवस चालते. मुळात ती तीन वेगवेगळ्या व्यवस्थांनी बांधली आणि १९४० मध्ये एका छत्राखाली आली. त्यामुळे आजही आकड्यांनी ओळखल्या जाणाऱ्या मार्गांचे डबे अरुंद आणि अक्षरांनी ओळखल्या जाणाऱ्या मार्गांचे रुंद आहेत, आणि रुंद डबा अरुंद बोगद्यात जाऊच शकत नाही. ब्रुकलिनमध्ये १९३६ साली बांधलेल्या, पण पुढे वापरातून गेलेल्या कोर्ट स्ट्रीट या भुयारी स्थानकात तेथील वाहतूक संग्रहालय आहे. तेथे जुने डबे ओळीने उभे केले आहेत आणि मुले त्यांत बागडत असतात. मी मात्र फलाटावरच्या सिग्नल केबिनच्या काचेपाशीच रेंगाळलो. आमच्या उमेदवारीच्या काळात ज्यांच्यावर हात बसवला, त्याच जातीचे ते खटके होते. फरक इतकाच, की आमच्याकडची तशी बरीच केबिने मोडीत निघाली, आणि त्या शहरात १९३०च्या दशकातील यंत्रसामग्री या शतकातही काही ठिकाणी रोजच्या कामात होती. कापडी वेष्टणाच्या तारा, बाजारात मिळेनासे झालेले रिले आणि ते दुरुस्त करण्यासाठी राखलेली स्वतःची कार्यशाळा, असा तो सगळा संसार.

ही जुनी यंत्रणा काम कशी करते, हे थोडक्यात सांगायला हवे, कारण पुढचे सारे त्यावर अवलंबून आहे. मार्गाचे ठरावीक लांबीचे तुकडे पाडलेले असतात. प्रत्येक तुकड्याच्या रुळांतून सौम्य विद्युतप्रवाह सोडलेला असतो. गाडीची चाके त्या तुकड्यावर आली की प्रवाहाला जवळची वाट मिळते, तो रिलेपर्यंत पोहोचत नाही, रिले पडतो आणि मागचा सिग्नल लाल होतो. तार तुटली, वीज गेली किंवा रुळांवर पाणी आले तरीही रिले पडतो आणि सिग्नल लालच होतो. पावसाळ्यात आपली लोकल ‘सिग्नल बिघाडा’मुळे अडकते तेव्हा बहुतेक वेळा हेच झालेले असते, आणि यंत्रणेने आपले काम चोख केलेले असते. न्यूयॉर्कमध्ये या लाल सिग्नलच्या जोडीला रुळाशेजारी एक लोखंडी दांडा उभा राहतो आणि मोटरमनने लाल सिग्नल ओलांडलाच, तर तो दांडा गाडीच्या खालच्या झडपेवर आपटून आपत्कालीन ब्रेक लावतो. व्यवस्था साधी आणि भक्कम आहे. तिची उणीव एवढीच, की गाडी नेमकी कुठे आहे हे तिला कळत नाही; कोणत्या तुकड्यात आहे, इतकेच कळते. तुकड्याच्या तोंडाशी असलेली गाडी आणि शेवटाला पोहोचलेली गाडी तिच्या लेखी सारखीच, म्हणून दोन गाड्यांमध्ये गरजेपेक्षा बरेच जास्त अंतर राखावे लागते.

मात्र या तुकड्यांची लांबी कोण ठरवतो? ती ठरवताना त्या काळची गाडी समोर असते: तिचे वजन, तिचा वेग आणि ब्रेक लावल्यावर थांबायला तिला लागणारे अंतर. ५ जून १९९५ च्या पहाटे न्यूयॉर्कच्या विल्यम्सबर्ग पुलावर जे घडले, ते प्रत्येक रेल्वे मंडळाने भिंतीवर लावून ठेवावे असे मला वाटते. मॅनहॅटनकडे जाणाऱ्या ‘जे’ मार्गाच्या गाडीने लाल सिग्नल ओलांडला. दांड्याने आपले काम केले आणि आपत्कालीन ब्रेक लागला. तरीही ती गाडी पुढे उभ्या असलेल्या ‘एम’ मार्गाच्या गाडीवर जाऊन आदळली. मोटरमन मृत्युमुखी पडला आणि पन्नासहून अधिक प्रवासी जखमी झाले. राष्ट्रीय वाहतूक सुरक्षा मंडळाच्या चौकशीत असे निष्पन्न झाले, की तेथील सिग्नलांमधले अंतर १९१८ साली, त्या वेळच्या आखूड आणि संथ गाड्यांसाठी आखलेले होते. मधल्या पाऊण शतकात गाड्या लांब झाल्या, जड झाल्या, वेगवान झाल्या. सिग्नल होते तेथेच राहिले. म्हणजे त्या दिवशी कोणतेही यंत्र बिघडलेले नव्हते. गाडी एका काळातली होती आणि सिग्नल दुसऱ्या काळातला.

यावर प्रशासनाने काढलेला तोडगा मला अपघाताइतकाच बोलका वाटतो. सगळे सिग्नल नव्याने आखणे तातडीने शक्य नव्हते, म्हणून नव्या गाड्यांचीच ताकद कमी केली गेली. त्यांचा वेग वाढण्याचा दर मुद्दाम उतरवण्यात आला. शिवाय ठिकठिकाणी वेळ मोजणारे सिग्नल बसवले गेले, म्हणजे गाडी ठरावीक वेगाच्या आत आली तरच समोरचा लाल दिवा उतरून वाट मोकळी व्हायची. यांतल्या काही सिग्नलांची घड्याळे चुकीची लावलेली निघाली. फलकावरचा वेग पाळूनही लाल दिवा उतरत नाही आणि ब्रेक लागून आपल्यावर ठपका येतो, असा अनुभव आल्यावर मोटरमन फलकावरच्या वेगापेक्षाही हळू चालवू लागले. मी त्यांना दोष देणार नाही. त्यांच्या जागी मीही तेच केले असते. २०१८ मध्ये न्यूयॉर्क सिटी ट्रान्झिटचे अध्यक्ष झालेले अँडी बायफर्ड यांनी हे सिग्नल एकेक करून तपासायला लावले, चुकलेले दुरुस्त करून घेतले आणि जेथे शक्य होते तेथे वेगमर्यादा वाढवून घेतली. नवे काहीही विकत न घेता गाड्या थोड्या वेगाने धावू लागल्या. आधुनिकीकरणात असलेले नीट लावून घेणे हेही येते, हे निविदांच्या धुमाळीत विसरले जाते.

त्याच्या आधी मोठा हाहाकार झाला होता. २७ जून २०१७ रोजी १२५व्या रस्त्याच्या स्थानकाजवळ ‘ए’ मार्गाची गाडी घसरली, तीसहून अधिक लोक जखमी झाले आणि दोनच दिवसांनी गव्हर्नर अँड्र्यू कुओमो यांनी या व्यवस्थेसाठी आणीबाणी जाहीर केली. त्या काळात कामाच्या दिवशी जेमतेम दोन तृतीयांश गाड्या वेळेवर पोहोचत होत्या. आणि याच सुमारास काही निवडक स्थानकांच्या सुशोभीकरणाचा वेगळा कार्यक्रम जोरात चालला होता! उत्तम फरशी, उत्तम दिवे, मोबाइल भरण्याची सोय. आणि त्या फलाटावर गाडीची वाट पाहणारा घामाघूम प्रवासी.

आता नव्या यंत्रणेकडे वळतो. ‘सीबीटीसी’ (कम्युनिकेशन्स-बेस्ड ट्रेन कंट्रोल) या आद्याक्षरांनी ती ओळखली जाते. रुळांमध्ये ठरावीक अंतरावर खुणेच्या पेट्या बसवलेल्या असतात, त्यांवरून गाडी आपले स्थान ओळखते आणि रेडिओवरून ते सतत नियंत्रकाला कळवत राहते. नियंत्रक तिला कुठपर्यंत जाता येईल ते सांगतो. ही हद्द पुढच्या गाडीच्या शेपटामागून तिच्याबरोबर सरकत असते. तुकड्यांचे बंधन सुटते, गाड्या जवळजवळ चालवता येतात आणि ब्रेक केव्हा लावायचा याचा हिशेब गाडीतले यंत्र गाडीच्या खऱ्या वेगावरून क्षणोक्षणी करते. पण एक गोष्ट लक्षात घ्यावी. जुन्या यंत्रणेत अक्कल जमिनीवर होती. नव्या यंत्रणेत ती अर्धी जमिनीवर आणि अर्धी गाडीत असते. म्हणूनच येथे गाडी आणि सिग्नल यांची खरेदी वेगवेगळ्या कागदांवर करताच येत नाही.

न्यूयॉर्क हे ठेच लागूनच शिकले. ‘एल’ या मार्गासाठी १९९९ मध्ये कंत्राट दिले गेले आणि गाड्या पूर्णपणे स्वयंचलित पद्धतीने धावू लागायला २००९ उजाडले. या मार्गासाठी म्हणून खास २१२ डबे मागवले होते. ते डबे येईपर्यंत मार्गालगतच्या वस्तीचा नूर पालटला, प्रवासी अपेक्षेपेक्षा पुष्कळ वाढले आणि डबे अपुरे पडले. कोट्यवधी डॉलरची यंत्रणा रुळांशेजारी तयार, आणि तिच्याशी बोलू शकतील अशा गाड्या हव्या तितक्या नाहीत; तोवर यंत्र नसलेल्या जुन्या गाड्याही त्याच मार्गावर चालवाव्या लागल्या आणि पुढे दुसऱ्या बनावटीच्या काही डब्यांत यंत्र बसवून वेळ निभावली. ‘सात’ क्रमांकाच्या मार्गाचे कंत्राट २०१० मध्ये झाले आणि काम २०१८च्या अखेरीस संपले. दोन मार्ग, जवळजवळ वीस वर्षे. आज हे दोन्ही मार्ग वक्तशीरपणात इतरांच्या पुढे आहेत आणि ‘सात’वर गर्दीच्या वेळी तासाला २९ गाड्या सुटतात, हेही सांगायला हवे. मी त्याच मार्गावर राहत होतो. एक गाडी सुटली तर धावत सुटायचे नाही, ही सवय मला तिथे चार दिवसांत लागली.

परंतु ही दोन नावे आधी का निवडली, हे पाहिले की पुढची अडचण उमगते. ‘एल’ आणि ‘सात’ हे एकांडे मार्ग आहेत. त्यांच्या गाड्या दुसऱ्या मार्गावर जात नाहीत आणि दुसऱ्यांच्या यांच्यावर येत नाहीत. क्वीन्स बुलेवार्डखालचा चार रुळांचा मार्ग तसा नाही. त्यावरून ‘ई’ आणि ‘एफ’ जलद, ‘एम’ आणि ‘आर’ धिम्या जातात, आणि प्रत्येकीचे दुसरे टोक शहराच्या वेगळ्याच कोपऱ्यात असते. ‘आर’ थेट ब्रुकलिनच्या दक्षिणेला समुद्राजवळ जाते. अशा मार्गावर एका टप्प्याचे सिग्नल बदलायचे, तर चार मार्गांच्या साऱ्या गाड्यांत यंत्र बसवावे लागते, आणि त्याच गाड्या पुढे जुन्या सिग्नलच्या हद्दीत शिरल्या की त्यांना जुनी भाषाही यावी लागते. याच्या उलट स्थिती ‘ए’ मार्गाची. १० मार्च २०२३ पासून या मार्गावर नव्या बनावटीच्या गाड्या धावू लागल्या. १९७०च्या दशकातील डब्यांची जागा घेणाऱ्या या डब्यांची दारे आठ इंचांनी अधिक रुंद आहेत, म्हणजे चढउतार लवकर व्हावी. पुढच्या वर्षी ‘सी’ मार्गावर अशाच, पण एका डब्यातून दुसऱ्या डब्यात मोकळेपणी चालत जाता येईल अशा गाड्याही आल्या. लोकांनी त्यांची छायाचित्रे हौसेने काढली. नव्या सिग्नलशी बोलणारे यंत्र या गाड्यांत कारखान्यातूनच बसून आले आहे. परंतु त्यांच्या वाटेचा मोठा हिस्सा अजून जुन्याच दिव्यांवर चालतो, आणि तेथे ते यंत्र मुके बसून असते. तरीही हा क्रम मला बरा वाटतो. यंत्र असलेली गाडी जुन्या सिग्नलवर चालू शकते. यंत्र नसलेली गाडी मात्र नव्या यंत्रणेला अडसर होते.

लंडनच्या व्हिक्टोरिया मार्गाने हे गणित अधिक नेटके सोडवले. तेथे गाड्या आणि सिग्नल एकाच कामाचे दोन भाग मानून बदलले गेले. काही काळ जुन्या गाड्या जुन्या संकेतांवर आणि नव्या गाड्या नव्या संकेतांवर, एकाच रुळावरून एकामागून एक धावत होत्या. २०१७ पासून त्या मार्गावर गर्दीच्या वेळी तासाला ३६ गाड्या धावतात, म्हणजे शंभर सेकंदांना एक. अर्थात तो मार्गही एकांडा आहे, हे सांगितले नाही तर तुलना अप्रामाणिक होईल.

पैशाचे सांगायचे, तर मॅनहॅटनच्या साठाव्या रस्त्याच्या दक्षिणेला येणाऱ्या मोटारींवर ५ जानेवारी २०२५ पासून गर्दीच्या वेळी नऊ डॉलर आकार बसवला आहे आणि त्या उत्पन्नाच्या तारणावर पंधरा अब्ज डॉलर उभारून ते याच आधुनिकीकरणात घालायचे आहेत. जून २०२४ मध्ये हा आकार ऐनवेळी स्थगित झाला, तेव्हा ज्या कामांना तत्काळ खीळ बसली त्यांत सिग्नलची कामे होती. जे दिसत नाही, ते आधी थांबते.

कामासाठी मार्ग बंद ठेवण्याच्या बाबतीत मात्र तेथे अलीकडे एक चांगला पायंडा पडला आहे. चोवीस तास चालणाऱ्या रेल्वेत रात्रीची उसंत मिळत नाही. वर्षानुवर्षे शनिवार-रविवारच्या तुकड्यांत काम केले की दर वेळी साहित्य आणणे, वीज बंद करणे, माणसे उतरवणे आणि पहाटे सगळे आवरून चाचणी घेणे यांतच निम्मा वेळ जातो. म्हणून २०२४च्या उन्हाळ्यात ‘जी’ मार्गाचे टप्पे आधी जाहीर करून सलग बंद ठेवले गेले, पर्यायी बस मोफत दिल्या आणि सिग्नलचे काम दाटून उरकले. लोक कुरकुरले. पण कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत आणि कशासाठी, हे त्यांना आधी ठाऊक होते.

आता आपल्या घराकडे येतो. मुंबईचे उपनगरी मार्ग भुयारी नाहीत आणि त्यांची यंत्रणा न्यूयॉर्कइतकी जुनाटही नाही, हे मी एक सिग्नलवाला म्हणून अभिमानाने सांगेन. स्वयंचलित सिग्नल आणि सिग्नलची पूर्वसूचना देऊन गरज पडल्यास ब्रेक लावणारी यंत्रणा यांच्या जोरावर आपण साधारण तीन मिनिटांना एक गाडी सोडतो, तीही दुथडी भरलेली. ९ जून २०२५ रोजी मुंब्र्याजवळ वळणावर दोन गाड्या एकमेकींजवळून जाताना दारात लटकणारे प्रवासी खाली पडले आणि काहींचे प्राण गेले, तेव्हा बंद दारांच्या गाड्यांची मागणी स्वाभाविकपणे जोराने पुढे आली. ती रास्तच आहे. पण दार बंद झाले म्हणजे गर्दी कमी होत नाही. उलट दार लागेपर्यंत गाडी फलाटावर अधिक वेळ थांबते आणि मागच्या गाडीला अडवते. ती तूट भरून काढायची, तर गाड्यांमधले अंतर सिग्नलनेच कमी करावे लागेल.

मार्च २०१९ मध्ये मंजूर झालेल्या मुंबई नागरी परिवहन प्रकल्पाच्या ‘३-ए’ टप्प्यात छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस ते कल्याण व पनवेल आणि चर्चगेट ते विरार या मार्गांसाठी सीबीटीसीची तरतूद होती. पुढे गाड्यांची टक्कर टाळणारी ‘कवच’ ही देशी यंत्रणा उपनगरी वाहतुकीला जुळवून घेण्याचा विचार सुरू झाला. कोणती यंत्रणा श्रेष्ठ, या वादात मी पडत नाही. आमच्या जलद मार्गांवरून लांब पल्ल्याच्या गाड्याही जातात, आणि त्यांची इंजिने देशाच्या चारही कोपऱ्यांतून येतात, हे पाहता ‘कवच’च्या बाजूनेही सबळ मुद्दा आहे. क्वीन्स बुलेवार्डची अडचण येथे कितीतरी पटींनी मोठी आहे. हार्बर मार्ग बव्हंशी स्वतंत्र असल्याने आरंभ तेथूनच व्हावा, एवढे मात्र मी निःशंकपणे सुचवीन. परंतु २३८ वातानुकूलित गाड्या घेण्याचे नियोजन असताना सिग्नलची निवडच पक्की नसेल, तर त्या गाड्यांत कोणते यंत्र बसणार, त्यासाठी जागा, वीज आणि तारांची सोय आधीच ठेवली जाणार की पुढे डबे कार्यशाळेत उघडून बसवावी लागणार, हे प्रश्न आजच विचारायला हवेत.

हे काम आपल्याला जमणार नाही, असे कोणी म्हणू नये. १९२५ पासून चालत आलेला १५०० व्होल्टचा डीसी वीजपुरवठा बदलून २५ हजार व्होल्टचा एसी करण्याचे प्रचंड काम याच मार्गांवर, रोजची वाहतूक चालू ठेवून झाले. पश्चिम रेल्वेवर ते २०१२ मध्ये आणि मध्य रेल्वेच्या हार्बर मार्गावर २०१६ मध्ये पूर्ण झाले. ते जमले, कारण दोन्ही प्रकारच्या विजेवर चालणाऱ्या गाड्या आधी आणल्या गेल्या आणि तारांमधली वीज नंतर, टप्प्याटप्प्याने बदलली. पहिली अशी गाडी कारशेडमध्ये आली त्या दिवशी आमच्या विद्युत विभागातल्या मित्रांनी पेढे वाटले होते, आणि आम्ही सिग्नलवाले मात्र या नव्या विजेने रुळांतल्या सौम्य प्रवाहावर चालणाऱ्या आमच्या ट्रॅक सर्किटांचे काय होईल या विवंचनेत होतो. तीही अडचण सुटली, कारण तिचा विचार आधी झाला होता.

तेव्हा माझी विनंती इतकीच आहे, की नव्या गाड्यांच्या प्रत्येक घोषणेबरोबर रेल्वे प्रशासनाने तीन गोष्टी जाहीर कराव्यात आणि आपल्यासारख्या वृत्तपत्रांनी त्या विचारत राहाव्यात: या गाडीत सिग्नलचे कोणते यंत्र आहे, ती ज्या मार्गावर धावणार तेथे त्या यंत्राशी बोलणारी यंत्रणा कोणत्या वर्षी पूर्ण होणार, आणि त्यासाठी कोणत्या स्थानकांदरम्यान एकूण किती मेगाब्लॉक घ्यावे लागणार. डोंबिवलीच्या फलाटावर रविवारी सकाळी मेगाब्लॉकचा फलक वाचून माघारी फिरणाऱ्या माणसाला त्या दिवशी रुळांवर नेमके काय बसवले जात आहे, हे निदान कळेल.

आपला विश्वासू,
एक निवृत्त सिग्नल अभियंता,
डोंबिवली (पूर्व)